अहवालात ‘टर्मिनल आयलायटिस’ लिहिलंय, मग आजार नेमका कोणता?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: भाऊ २६ वर्षांचा. गेले चार-पाच महिने पोटात उजवीकडे खाली दुखतं, मधूनच आठ-आठ दिवस जुलाब होतात, वजन सात किलोंनी उतरलंय. सीटी स्कॅनमध्ये लहान आतड्याच्या शेवटच्या भागाची भिंत जाड दिसली. कोलोनोस्कोपीच्या, म्हणजे गुदद्वारातून दुर्बीण घालून केलेल्या तपासणीच्या, अहवालात ‘टर्मिनल आयलायटिस’ आलं आणि बायोप्सीत ‘नॉन-स्पेसिफिक’ सूज. एका डॉक्टरांनी टीबीची औषधं लिहून दिली, दुसऱ्यांनी क्रोन्सचा आजार (आतड्याला दीर्घकाळ सूज ठेवणारा) सांगून स्टिरॉइड दिलं. दोन्ही चिठ्ठ्या घरात पडून आहेत आणि कोणाचं ऐकावं ते तुम्हाला कळत नाही.

स्टिरॉइड अजून सुरू केलं नसेल तर थांबा, आणि का थांबलात ते त्या डॉक्टरांना सांगा. सुरू केलं असेल तर मात्र स्वतःच्या मनाने एकदम बंद करू नका. तेही धोक्याचं असतं. थांबायला का सांगतोय ते पुढे येईलच.

मी पोटविकारांचाच डॉक्टर आहे आणि असे अहवाल घेऊन आलेली घाबरलेली माणसं नेहमी पाहतो. सगळ्यात आधी मला त्यांना एक गोष्ट सांगावी लागते. आयलायटिस म्हणजे आयलियमला, लहान आतड्याच्या खालच्या भागाला, सूज आली आहे. बस, एवढाच त्याचा अर्थ. ‘ताप आहे’ म्हटल्यावर जेवढं कळतं, तेवढंच यातून कळतं. ताप मलेरियाचा, टायफॉइडचा की साध्या सर्दीचा, हे जसं शोधावं लागतं, तसं ही सूज कशामुळे आली हे शोधावं लागतं. तुमच्या हातातल्या दोन्ही चिठ्ठ्या या शोधाचं उत्तर गृहीत धरून लिहिलेल्या आहेत. दोघांपैकी एक डॉक्टर कदाचित बरोबर असतील, पण आज समोर असलेल्या कागदांवरून कोण बरोबर हे ठरवता येत नाही.

‘टर्मिनल’ या शब्दालाही घाबरू नका. त्याचा अर्थ इथे फक्त ‘टोकाचा भाग’ असा आहे. न्यूयॉर्कच्या माउंट सायनाय हॉस्पिटलमधल्या बरिल क्रोन, लिऑन गिन्झबर्ग आणि गॉर्डन ओपनहायमर यांनी १९३२ साली १४ रुग्णांवर जो निबंध लिहिला, त्यात त्यांनी ‘रीजनल आयलायटिस’ हे नाव वापरलं. ‘टर्मिनल’ म्हटलं की लोकांना मरणाची घटका आठवेल, ही शंका तेव्हाच काढली गेली होती. पुढे आजाराला क्रोन यांचं नाव चिकटलं, कारण आडनावांच्या वर्णक्रमात ते पहिले होते. त्या काळापर्यंत आतड्याच्या अशा जाड, अरुंद झालेल्या भागाला सरसकट क्षयच समजत. १९१३ साली स्कॉटलंडमधले शल्यविशारद डॅलझील यांनी असेच रुग्ण नोंदवले होते, पण ते फारसं कुणाच्या लक्षात राहिलं नाही. म्हणजे तुमच्या घरात आज जो पेच पडलाय, तो वैद्यकाला शंभर वर्षांहून जुना आहे. तुमचे डॉक्टर काही अज्ञानी नाहीत; हे दोन आजार खरोखरच एकमेकांसारखे दिसतात.

आता सूज याच जागी का येते ते बघू. लहान आतडं साधारण सहा मीटर लांब. त्याचं शेवटचं टोक पोटाच्या उजव्या खालच्या कोपऱ्यात मोठ्या आतड्याला मिळतं, आणि तिथे एक झडप असते. अन्नरस तिथे रेंगाळतो. वरच्या आतड्याच्या मानाने जिवाणूंची वस्तीही तिथे दाट असते. आणि मुख्य म्हणजे शरीराच्या रोगप्रतिकारक पेशींची मोठी ठाणी, ज्यांना पेयर्स पॅचेस म्हणतात, ती याच टोकाला सगळ्यात गर्दीने असतात. पौगंडावस्थेत त्यांची संख्या शिगेला पोचते आणि वयाबरोबर उतरत जाते. बाहेरून येणारे जंतू याच ठाण्यांतून आत शिरतात आणि प्रतिकाराची लढाईही इथेच होते. टायफॉइडचे व्रण इथे, टीबी इथे, क्रोन्स इथे, हा योगायोग नाही.

या टोकाला दोन अशी कामं आहेत जी आतड्याचा दुसरा कुठलाही भाग नीट करू शकत नाही. बी-१२ जीवनसत्त्व इथेच शोषलं जातं. आणि यकृताने सोडलेली पित्तक्षारं, त्यातली सुमारे ९५ टक्के, इथूनच परत रक्तात घेतली जातात. हे टोक सुजलं किंवा शस्त्रक्रियेत गेलं की ती क्षारं मोठ्या आतड्यात उतरतात आणि पाण्यासारखे जुलाब होतात. म्हणून सूज पूर्ण आटोक्यात असूनही एखाद्याचे जुलाब थांबत नाहीत. तेव्हा सुजेचं औषध वाढवून उपयोग नसतो; पित्तक्षारं बांधून ठेवणारं कोलेस्टिरामाइनसारखं औषध लागतं. हे न कळल्यामुळे विनाकारण जड औषधांवर गेलेली माणसं मी पाहिली आहेत.

कारणांकडे येऊ. मी पहिला प्रश्न विचारतो तो ‘कुठे दुखतं’ हा नसतो. मी विचारतो, ‘किती दिवस झाले?’ आयलायटिसमध्ये निम्मं निदान त्या उत्तरात असतं.

चार दिवसांपूर्वी चांगला असलेला माणूस ताप, उजव्या बाजूची कळ आणि जुलाब घेऊन आला, तर बहुतेक वेळा हा जंतुसंसर्ग असतो. यर्सिनिया, साल्मोनेला आणि कॅम्पायलोबॅक्टर ही त्यातली ठळक नावं. यर्सिनिया फार फसवा. तो शेवटच्या आतड्याला आणि शेजारच्या लसिकाग्रंथींना सूज आणतो, त्यामुळे दुखणं हुबेहूब अपेंडिक्सचं वाटतं. पोट उघडलं जातं, अपेंडिक्स निरोगी निघतं आणि शेजारचं आतडं लालबुंद. हा जिवाणू थंडाव्यात वाढतो, फ्रिजमधल्या अन्नातसुद्धा, आणि नीट न शिजलेल्या डुकराच्या मांसातून बऱ्याचदा येतो. शौचाच्या नेहमीच्या कल्चरमध्ये, म्हणजे जंतू वाढवून बघण्याच्या तपासणीत, तो सापडेलच असं नाही. ‘यर्सिनिया शोधा’ असं प्रयोगशाळेला चिठ्ठीवर लिहून द्यावं लागतं. एक ते तीन आठवड्यांत तो बहुधा आपोआप बरा होतो. नंतर कधी सांधे सुजतात, कधी नडग्यांवर लाल दुखऱ्या गाठी येतात, आणि हीच लक्षणं क्रोन्समध्येही असल्याने पुन्हा गोंधळ होतो.

टायफॉइडही याच वर्गात येतो. दुसऱ्या-तिसऱ्या आठवड्यात पेयर्स पॅचेसवर व्रण पडतात आणि तिथून रक्तस्राव होतो किंवा आतड्याला भोक पडतं. चढत जाणारा ताप असेल तर लवकरात लवकर रक्ताचं कल्चर करावं. टायफॉइडसाठी करतात त्या रक्ताच्या नुसत्या विडाल चाचणीवर विसंबणं मला पटत नाही.

तुमच्या भावाचे चार-पाच महिने झालेत आणि वजन उतरलंय, म्हणजे ही नुकत्याच झालेल्या जंतुसंसर्गाची गोष्ट दिसत नाही. इथे तीन नावं पुढे येतात. पहिलं नाव कोणी विचारत नाही म्हणून मी ते मुद्दाम आधी घेतो: वेदनाशामक गोळ्या.

डायक्लोफिनॅक, आयबुप्रोफेन, नॅप्रोक्सेन या गटातल्या गोळ्या जठराला त्रास देतात हे सगळ्यांना ठाऊक आहे. त्या लहान आतड्यालाही तितक्याच लागतात, हे फार थोड्यांना ठाऊक असतं. गिळायचा कॅप्सूल कॅमेरा आल्यावर असं दिसलं की या गोळ्या काही आठवडे किंवा महिने घेणाऱ्यांपैकी निम्म्याहून अधिक जणांच्या लहान आतड्यात बारीक जखमा असतात. ‘पण मी त्यासोबत ॲसिडिटीची गोळी घेतो’ असं लोक सांगतात. ती गोळी जठराला वाचवते, लहान आतड्याला नाही, कारण तिथल्या जखमा आम्लामुळे होतच नाहीत. वर्षानुवर्षं या गोळ्या चालल्या तर आतड्यात पातळ पडद्यांसारख्या कडा तयार होतात आणि वाट अरुंद होत जाते.

एका तरुण रुग्णाला मी स्वतः क्रोन्सचा ठरवत आणला होता. दुर्बिणीत बारीक व्रण, बायोप्सीत ठोस काही नाही. ‘कुठली औषधं घेता?’ असं पहिल्याच भेटीत विचारलं तेव्हा ‘कुठलीच नाही’ असं उत्तर आलं होतं. तिसऱ्या भेटीत त्याची आई म्हणाली, ‘पाठ दुखते म्हणून रोज एक गोळी घेतो तेवढीच.’ पाठीच्या गोळीला तो औषध समजतच नव्हता. गोळी बंद केली आणि काही महिन्यांनी पुन्हा दुर्बीण घातली, तर आतडं स्वच्छ. तेव्हापासून मी ‘औषधं घेता का’ असं विचारत नाही. पाठीला, डोक्याला, दाताला, पाळीत पोटाला, व्यायामानंतर स्नायूंना काय घेता, असं एकेक करून विचारतो. भावाला तुम्ही आज रात्रीच हे विचारा, आणि आठवून आठवून विचारा.

पाठीचा विषय निघालाच आहे तर आणखी एक. कंबर सकाळी आखडते, हालचाल केल्यावर मोकळी होते, असं दुखणं तरुण माणसाला असेल तर ते मणक्यांच्या संधिवाताचं असू शकतं. अशा रुग्णांपैकी सुमारे निम्म्यांच्या आतड्यात सूक्ष्मदर्शकाखाली सूज सापडते, पोटाची काही तक्रार नसतानाही. म्हणजे गोळीमुळे आतडं सुजलं, की ज्या आजारासाठी गोळी घेतली त्यानेच सुजवलं, हाही विचार करावा लागतो.

दुसरं नाव क्रोन्स. यात शरीराची प्रतिकारशक्ती आतड्यातल्या जिवाणूंशी वागताना संयम सोडते आणि सूज पेटती राहते. कारण एकच असं नाही. अनुवंशिकतेचा भाग आहे. एनओडी-२ नावाच्या जनुकाचा संबंध २००१ मध्ये सिद्ध झाला. पण हे जनुकीय बदल असलेल्या बहुतेकांना आजार होत नाही. धूम्रपानाने आजार होण्याची शक्यता वाढते आणि झालेला आजार बळावतो, हे पक्कं आहे. क्रोन्स तोंडापासून गुदद्वारापर्यंत कुठेही होऊ शकतो, तरी साधारण एक तृतीयांश रुग्णांत तो फक्त आयलियमच्या टोकाशी असतो. सूज आतड्याच्या आतल्या अस्तरापुरती राहत नाही, भिंतीच्या आरपार जाते. त्यामुळे पुढे वाट अरुंद होते, शेजारच्या अवयवात बोगदे पडतात, पू साचतो. सुजलेला भाग, मध्येच निरोगी भाग, पुन्हा सुजलेला भाग, अशी तुटक रांग ही त्याची खूण. गुदद्वारापाशी भगंदर किंवा वारंवार फोड, तोंडात सतत छाले, डोळे लाल होऊन दुखणं, हे सोबत असेल तर पारडं क्रोन्सकडे झुकतं. भगंदराची गोष्ट तरुण मुलं लाजेने सांगत नाहीत. भावाला एकट्याला विश्वासात घेऊन विचारा.

तिसरं नाव टीबी. आतड्याचा टीबी सगळ्यात जास्त याच कोपऱ्यात, आयलियम आणि मोठ्या आतड्याच्या सांध्यावर होतो. संध्याकाळी येणारा बारीक ताप, रात्री घाम, भूक मरणं, पोटात पाणी होणं, घरात किंवा कामावर कुणाला टीबी झालेला असणं, यांनी संशय वाढतो. छातीचा एक्स-रे स्वच्छ आहे म्हणून टीबी नाही, असा निष्कर्ष काढू नका. पोटाच्या टीबीत छाती पुष्कळदा स्वच्छच असते. क्षयरोग जिथे खूप आहे अशा प्रदेशांत त्वचेची मॅन्टू चाचणी किंवा रक्ताची इन्टरफेरॉन चाचणी फार मदत करत नाही. जंतू कधीकाळी शरीरात शिरला होता एवढंच त्यातून कळतं, आजचं दुखणं त्याचंच आहे हे नाही.

बाकीची कारणं दुर्मीळ आहेत, पण वय आणि इतिहास पाहून मनात ठेवावी लागतात. अल्सरेटिव्ह कोलायटिसमध्ये पूर्ण मोठं आतडं सुजलेलं असेल तर झडपेपलीकडे थोडी सूज जाते, खोल व्रण मात्र नसतात. बेचेट्सच्या आजारात खोल, गोल व्रण होतात, आणि तोंडाबरोबर जननेंद्रियांवरही छाले असतात. पोटावर किरणोपचार झालेले असतील तर कित्येक वर्षांनीसुद्धा आतडं आकसू शकतं. वयस्कर माणसात रक्तपुरवठा कमी पडणं आणि लिम्फोमासारखा कर्करोग यांचा विचार आधी करायचा. पाळीच्या दिवसांतच दुखणं वाढत असेल तर एंडोमेट्रिऑसिस, म्हणजे गर्भाशयाच्या अस्तरासारखी पेशीजाळी, आतड्यावर बसलेलं असू शकतं. पांढऱ्या पेशी खूप उतरलेल्या असताना, विशेषतः केमोथेरपी चालू असताना, याच भागाला गंभीर सूज येते आणि तिथे तासांचा हिशेब असतो.

आणि काही वेळा आजारच नसतो. दुसऱ्याच कामासाठी कोलोनोस्कोपी झाली, टोकाला दोन-चार बारीक लाल ठिपके दिसले, अहवालात ‘आयलायटिस’ लिहिलं गेलं, रुग्णाला तक्रार काहीच नाही. पोट साफ करायच्या औषधानेही असे ठिपके उमटतात. लहान मुलांत आणि तरुणांत पेयर्स पॅचेस फुगून खडबडीत दिसतात, ते तर नैसर्गिकच. अशा लोकांपैकी बहुतेकांना पुढे क्रोन्स होत नाही. त्यांना औषध देऊ नये; काही महिन्यांनी पुन्हा बघावं. तुमच्या भावाला ही सवलत नाही, कारण त्याला लक्षणं आहेत आणि वजन घटलंय.

निदान कसं करायचं, यात सगळ्यात जास्त चुका बायोप्सीत होतात, म्हणून त्यावर जरा थांबतो. पण आधी रक्त आणि शौच. हिमोग्लोबिन, सीआरपी (सुजेचं रक्तातलं माप), अल्ब्युमिन (रक्तातलं प्रथिन), फेरिटिन (लोहाचा साठा) आणि बी-१२ बघावं. आयलियमचा आजार असूनही सीआरपी सामान्य येऊ शकतं, तेव्हा त्याने निश्चिंत होऊ नये. शौचातलं कॅलप्रोटेक्टिन ही उपयोगी तपासणी. पांढऱ्या पेशींतलं हे प्रथिन आतड्यात सूज असली की शौचात उतरतं. ५० मायक्रोग्रॅम प्रतिग्रॅमच्या आत असेल तर सूज असण्याची शक्यता कमी, २५० च्या वर असेल तर सूज बहुधा खरी. ते सुजेचं कारण मात्र सांगत नाही. जंतुसंसर्गात वाढतं, वेदनाशामक गोळ्यांनी वाढतं, आणि आजार फक्त लहान आतड्यात असेल तर कधी कमीही येतं. ‘आतडं चिडकं आहे’ असं सांगून घरी पाठवलेल्या माणसांमधून खरा आजार असलेला वेगळा काढायला ही तपासणी मला फार आवडते. रात्री झोपेतून उठवणारे जुलाब, घटणारं वजन आणि उतरलेलं हिमोग्लोबिन हे चिडक्या आतड्याचं लक्षण नव्हे.

आता कोलोनोस्कोपी. दुर्बीण मोठ्या आतड्याच्या टोकाशी थांबली की झडप ओलांडून आयलियममध्ये गेली, हे अहवालात लिहिलेलं असतं, ते शोधा. व्रण कसे आहेत याचं वर्णन हवं, नुसतं ‘आयलायटिस’ पुरत नाही. आतड्याच्या लांबीला धरून पडलेले उभे व्रण आणि फरसबंदीसारखा उंचसखल भाग क्रोन्सकडे बोट दाखवतो. आडवे, आतड्याला वेढा घालणारे व्रण आणि उघडीच राहिलेली, वेडीवाकडी झालेली झडप टीबीकडे.

मग तुकडे. दोन-तीन तुकडे काढून सगळे फॉर्मॅलिनच्या बाटलीत टाकले की टीबीचा शोध तिथेच अर्धा संपतो. फॉर्मॅलिनमध्ये जंतू मरतो, मग कल्चर होणार कसं? काही तुकडे साध्या सलाइनमध्ये वेगळे जायला हवेत, टीबीच्या कल्चरसाठी आणि जनुकीय चाचणीसाठी. व्रणाच्या कडेचे आणि तळाचे असे भरपूर तुकडे हवेत, शिवाय निरोगी दिसणाऱ्या भागातलेही, कारण तिथे लपलेली सूज सापडली तर ती क्रोन्सच्या बाजूचा पुरावा असते. सूक्ष्मदर्शकाखाली पेशींचे पुंजके दिसतात, त्यांना ग्रॅन्युलोमा म्हणतात. मोठे, एकमेकांत मिसळलेले, मध्ये कुजून चिजासारखे झालेले पुंजके टीबीचे. लहान, सुटे, तुरळक पुंजके क्रोन्सचे. अडचण अशी की दोन्ही आजारांत ते बऱ्याचदा सापडतच नाहीत. तुकडा जिथून घेतला तिथे ते नसतात, एवढंच. जनुकीय चाचणी सकारात्मक आली तर टीबीवर शिक्का बसतो, पण नकारात्मक आली म्हणून टीबी सुटत नाही. कल्चरला सहा ते आठ आठवडे लागू शकतात. भावाच्या अहवालातलं ‘नॉन-स्पेसिफिक’ याचा अर्थ ‘काही नाही’ असा घेऊ नका. ‘या तुकड्यांतून सांगता येत नाही’ असा तो आहे.

स्कॅनकडे पुन्हा एकदा बघायला सांगा, या वेळी पोटाच्या स्कॅनचा सराव असलेल्या रेडिओलॉजिस्टला. जाड भिंत दोन्हींत असते. प्रश्न आजूबाजूचा असतो. मध्यभागी काळ्या पडलेल्या, म्हणजे आत कुजलेल्या लसिकाग्रंथींच्या गाठी आणि पोटातलं पाणी टीबीकडे नेतात. भिंतीच्या एकाच बाजूची जास्त सूज, आतड्याला येणाऱ्या फुगलेल्या रक्तवाहिन्यांची कंगव्यासारखी रांग, आतड्यावर चढत गेलेली चरबी आणि बरेच तुटक सुजलेले भाग क्रोन्सकडे नेतात. पुढे वारंवार तपासावं लागलं तर तरुण माणसात एमआर एन्टेरोग्राफी, म्हणजे आतड्याचा एमआरआय, बरी, किरणोत्सर्ग नसतो. चांगल्या हातात साधी सोनोग्राफीही पुष्कळ सांगते; निरोगी आतड्याची भिंत ३ मिलिमीटरपेक्षा जाड नसते. कॅप्सूल कॅमेऱ्याची घाई नको. आतडं कुठे अरुंद असेल तर ती तिथेच अडकून बसते.

हे सगळं करूनही काही जणांत उत्तर मिळत नाही, आणि तिथे तुम्हाला पडलेला प्रश्न उरतो: टीबी की क्रोन्स? ज्या भागात टीबी खूप आहे तिथे मी टीबीच्या औषधांकडे आधी झुकतो. कारण चुकीची किंमत दोन्हीकडे सारखी नाही. टीबी असताना स्टिरॉइड दिलं तर पहिले काही दिवस रुग्णाला छान वाटतं, भूक लागते, ताप उतरतो, घरचे खूश होतात, आणि आत जंतू मोकाट सुटतो. पुढे क्रोन्ससाठी देतात त्या, प्रतिकारशक्ती दाबणाऱ्या जैविक इंजेक्शनांपर्यंत गेलात तर टीबी अंगभर पसरू शकतो. म्हणून सुरुवातीला थांबायला सांगितलं. उलट, क्रोन्स असताना टीबीची औषधं दिली तर काही महिने वाया जातात, यकृताला त्रास होऊ शकतो आणि तेवढ्या काळात आतडं आणखी अरुंद होतं. हेही नुकसानच आहे, ते मी कमी लेखत नाही. म्हणून ‘सुरू करू आणि बघू’ या वाक्यातला ‘बघू’ मला तारखेसह हवा असतो.

ती तारीख दोन ते तीन महिन्यांची. टीबी असेल तर तेवढ्यात व्रण भरून येतात. बरं वाटतंय का, एवढ्यावर ठरवायचं नाही, कारण क्रोन्सच्या रुग्णालाही या औषधांनी सुरुवातीला थोडं बरं वाटतं. सीआरपी उतरतंय का ते बघायचं आणि पुन्हा दुर्बीण घालून डोळ्यांनी व्रण पाहायचे. भरले असतील तर टीबीचा कोर्स, साधारण सहा महिन्यांचा, पूर्ण करायचा. तसेच असतील तर ही क्रोन्सची गोष्ट आहे किंवा औषधांना न जुमानणारा टीबी आहे, आणि तेव्हा सलाइनमध्ये पाठवलेल्या त्या तुकड्यांचं कल्चर सोन्याच्या मोलाचं ठरतं. एक अपवाद आहे: टीबी बरा झाला तरी आकसलेली जागा तशीच राहू शकते आणि व्रण भरल्यावरही दुखणं चालू राहतं. त्याला औषधांचं अपयश समजू नये.

सहा-सहा, नऊ-नऊ महिने टीबीची औषधं घेऊन, मध्ये एकदाही दुर्बीण न घालता आलेले रुग्ण जेव्हा समोर बसतात तेव्हा मला खरोखर वाईट वाटतं. औषध चुकलं म्हणून नव्हे, वेळेत कोणी पाहिलं नाही म्हणून.

तोवर घरी एवढं लक्ष ठेवा. जेवणानंतर पोटात गोळा उठतो, गुडगुड होते आणि वारा सरला की बरं वाटतं, असं असेल तर वाट अरुंद होतेय, डॉक्टरांना सांगा. पोट फुगून कडक होणं, उलट्या, वारा आणि शौच दोन्ही बंद, थंडी वाजून मोठा ताप, किंवा शौचातून बरंच रक्त, यातलं काहीही झालं तर रात्र काढू नका, थेट रुग्णालयात न्या. दुखण्यासाठी डायक्लोफिनॅक, आयबुप्रोफेनच्या गटातल्या वेदनाशामक गोळ्या पूर्ण बंद. फारच लागलं तर पॅरासिटामॉल, तेही डॉक्टरांना विचारून, कारण टीबीची औषधं सुरू असतील तर यकृतावर आधीच भार असतो.

पुढच्या भेटीला जाताना नुसते अहवालांचे कागद नेऊ नका. स्कॅनची सीडी, कोलोनोस्कोपीची छायाचित्रं आणि बायोप्सीच्या स्लाइड्स न्या. तुकडे मेणाच्या ठोकळ्यांत घालून प्रयोगशाळेत जपून ठेवलेले असतात आणि मागितले की मिळतात. त्यांचे आणखी खोलवर काप घेऊन आतड्याच्या आजारांचा अनुभव असलेल्या पॅथॉलॉजिस्टला दाखवता येतात. पहिल्या कापात न सापडलेला ग्रॅन्युलोमा दहाव्या कापात सापडल्याचं मी पाहिलं आहे, आणि ते झालं तर भावाची दुसरी कोलोनोस्कोपी आत्ताच करायची गरज पडणार नाही.